पाट्या

सिनेमाच्या सुरुवातीच्या नावांच्या पाट्या बघायच्या चुकल्या की माझा अख्खा सिनेमा नासतो. हा रोग आईकडून आलेला. निघायच्या वेळी बाबांना नेमकी स्कूटरची किल्ली सापडायची नाही. मग थिएटरच्या काळोखात डोअरकीपरच्या बॅटरीमागून, लोकांचे गुडघे ओलांडत आम्ही खुर्च्या गाठायचो. बसल्याबसल्या आई शेजारच्या अनोळखी बाईला विचारायची, "पाट्या झाल्या का हो?" गोष्ट कुठवर आली, हे तिने कधी विचारलं नाही. झालेल्या असल्या, तर मध्यंतरापर्यंत बाबांशी अबोला. वेफर्सची पुडीसुद्धा माझ्यामार्फत पलीकडे जायची.

परवा दुपारी जेवून 'मेट्रोपोलिस' लावला. 1927 चा जर्मन मूकपट. पाट्यांत नाव आलं, थेआ फॉन हार्बू. मी तिथेच थांबले. आजवर ज्याने त्याने मला हा दिग्दर्शक फ्रिट्झ लांगचा सिनेमा म्हणूनच सांगितला होता. कादंबरी या बाईची, पटकथेवर नाव या बाईचं, लांग तेव्हा तिचा नवरा. 'निबेलुंगेन', 'एम', लांगचे तिकडचे गाजलेले बहुतेक सिनेमे काढा, पाट्यांत ही आहेच.

सिनेमा राहिला बाजूला, मी बाईंच्या मागे लागले. 1918 साली तिने भारतातल्या एका महाराजावर आणि थडग्यावर कादंबरी लिहिली. 1921 साली तिचा सिनेमा झाला, तेव्हा देवळं-राजवाड्यांसकट आपला देश बर्लिनजवळच्या वोल्टर्सडॉर्फला उभा केला. सुरुवातीलाच जिवंत पुरलेल्या योग्याला उकरून काढतात. हसावं की रडावं!

आणि मग पुढच्या ओळीत चक्क तेंडुलकर. आयी गणपत तेंडुलकर, बेळगावकडचे, तिकडे शिकायला गेलेले, पत्रकार. लांगशी 1933 साली घटस्फोट झाला आणि पुढे बाईंनी या आपल्या माणसाशी गुपचूप लग्न केलं. हिटलरच्या राज्यात उघड करायची सोय नव्हती. बाईंच्या घरी वरण-भात शिजत असेल का, यावर माझी अर्धी दुपार गेली.

1934 साली तिने स्वतः दोन सिनेमे दिग्दर्शित केले. त्यानंतर पुन्हा पटकथाच. लांग देश सोडून गेला, ही राहिली, लिहीत राहिली आणि नाझी पक्षाची सभासदही झाली. तिथल्या हिंदी लोकांना मदत करता यावी म्हणून झाले, असं नंतर म्हणाली. मला पटत नाही. तेंडुलकरांमुळे पटवून घ्यावंसं वाटलं, हेही खरं. युद्धानंतर काही महिने ब्रिटिशांच्या कैदेत होती, मग बर्लिनमध्ये पडक्या घरांच्या विटा उपसत होती.

1954 च्या उन्हाळ्यात बर्लिनच्या महोत्सवात तिचा 1921 चा एक मूकपट दाखवायचा होता, तिला पाहुणी म्हणून बोलावलं. त्यात मृत्यूच्या घरात मेणबत्त्याच मेणबत्त्या असतात, एकेक म्हणजे एकेकाचं आयुष्य. खेळ संपला, बाहेर पडताना ती पडली, कमरेला जबर मार लागला. 1 जुलैला गेली.

मूकपटात नावं सुरुवातीलाच येतात. बाई वेळेत पोचल्या असाव्यात.