तुम्ही विचारलंत म्हणून: माझी घटका चोवीस मिनिटांची का नसते

दुकानात येणारी बहुतेक माणसं वाटी उलटी करतात, बुडाचं भोक शोधतात आणि विचारतात, "घटिकापात्रं करता ना? मग प्रत्येकीची वेळ वेगळी कशी? घटका म्हणजे चोवीसच मिनिटं!" तुम्हीही तेच विचारलंत, म्हणून जरा बैजवार सांगतो.

चोवीस मिनिटं हे खरंच आहे. दिवसरात्रीच्या ६० घटका, घटकेची ६० पळं, दोन घटकांचा एक मुहूर्त. घटिकापात्र म्हणजे ती मोजायची तांब्याची वाटी: पाण्यावर सोडली की बुडाच्या भोकातून हळूहळू भरते आणि भरली की बुडते. 'घटका भरली' हे आपण म्हणतो ते तिच्यामुळेच. लग्नघरात घंगाळात वाटी सोडली की गुरुजी तिच्यावरून नजर हलवत नसत. माझे आजोबा तशी चोख वाटी करायचे. आमची पुण्यातली तांबट आळी म्हणजे पेशवाईत कोकणातून आलेल्या कारागिरांची वस्ती. आमचे हात बंब-घंगाळांवर बसलेले, घटिकापात्रं वर्षाकाठी दोन-चारच व्हायची.

पत्र्याच्या चकतीतून वाटी उठवायला मेहनत लागते, पण ते शिकता येतं. ठोकून ठोकून तांबं कडक होतं, मग भट्टीत लाल करून ते मऊ करायचं आणि पुन्हा ठोकायचं. शेवटी मठारकाम, म्हणजे हातोडीच्या ठोक्यांची नक्षी. भोकाचं मात्र तसं नाही, ते कुणी शिकवू शकत नाही. आधी अगदी बारीक पाडायचं, वाटी पाण्यावर सोडायची, बुडेपर्यंत बसायचं, मग केसभर वाढवायचं. जास्त मोठं झालं, तर बाहेरून कडेकडेने हलके ठोके देऊन तांबं आत सरकवायचं आणि पुन्हा पाण्याशी बसायचं. एका वाटीपायी माझे दोन-तीन दिवस असे जातात. बराच वेळ काही घडतच नाही असं वाटतं. मग काठ पाण्याला टेकतो आणि डोळ्याचं पातं लवायच्या आत वाटी तळाला.

इतकं करूनही माप हलतंच. जानेवारीच्या पहाटे पाणी जड चालतं, तीच वाटी मे महिन्यापेक्षा उशिरा बुडते. बोअरच्या पाण्याचे क्षार भोकात धरले की घटका वर्षागणिक लांबत जाते. कुणी टाचणीने कोरून भोक साफ केलं की आखूड होते. याचा मला फार त्रास व्हायचा. आपला हात कच्चा, असंच वाटायचं.

मग एकदा दुकानात आलेल्या संस्कृतच्या शिक्षिकांनी मला भास्कराचार्यांचा श्लोक उलगडून सांगितला. 'सिद्धान्तशिरोमणी'तला, म्हणजे ११५० सालचा. जुन्या ग्रंथांनी वाटीचं वजन, रुंदी, भोक पाडायची सोन्याची काडी, सगळं मापून बांधून दिलेलं. भास्कराचार्य म्हणतात, अर्ध्या घटासारखी तांब्याची वाटी घडवा, दिवसरात्रीत ती किती वेळा बुडते ते मोजा आणि दिवसरात्रीला तेवढ्याने भागा. येईल ते तिचं माप. म्हणजे आधी वाटी, मग वेळ! मी बाईंना तो श्लोक तीनदा म्हणायला लावला. तेव्हापासून गिऱ्हाईक आलं की मी आधी विचारतो, तुमची घटका केवढी?

उत्तर देणारे थोडेच. पण एक निवृत्त गेटमन आले आणि लगेच म्हणाले, "अठरा मिनिटं." मालगाडी गेली की पॅसेंजर यायला तेवढा वेळ मिळायचा. रोज दुपारी त्यांची बायको शेतातून भाकरी घेऊन गेटवर यायची आणि दोघं त्या अठरा मिनिटांत जेवायची. एकवीस वर्षं. आता तिथे भुयारी मार्ग झाला, गेट गेलं. "घरी वेळच वेळ आहे, पण ते जेवण होत नाही," म्हणाले. मला हे आतून कळलं. त्या वाटीवर मी आठवडाभर बसलो.

दीड वर्षानं ते वाटी घेऊन परत आले, या वेळी बायकोही सोबत. वाटी आता वेळ जास्त घेते, म्हणाले. पाण्यावर सोडून पाहिली, एकोणीस मिनिटं भरली. भोकात पांढरा थर धरला होता. चिंचेच्या पाण्यात घालून देतो म्हटलं, तर मावशींनी वाटी माझ्या हातातून काढून घेतली. "भाऊ, राहू द्या तसंच. पूर्वी शेवटचा घास यांच्या हातात असायचा अन् हे झेंडी घेऊन पळायचे."

मी वाटी कोरडी पुसून कागदात बांधून दिली. ती दोघं गेल्यावर वही काढली, त्यांच्या नावापुढचे १८ खोडले आणि १९ लिहिले.