तुम्ही विचारलंत म्हणून: त्या लोकांना पुन्हा का रडवता?

डॉक्युमेंट्रीवाल्यांसाठी मी माणसं शोधते, त्यांच्याशी बोलते. विषय बहुतेक एकच, कारखान्यांतले अपघात. ठाण्यात कुणाच्या लग्नाकार्यात हे कळलं की प्रश्न ठरलेला: "झालं गेलं ते. कशाला त्या लोकांना पुन्हा रडवता?"

रडतात, खरंय. पण ज्यांचं माणूस अपघातात गेलं, त्यांच्या घरात ते झालं गेलं नसतं. स्फोटाबद्दल ती थोडं बोलतात, कागदांबद्दल तासन्‌तास. डोंबिवली एमआयडीसीत २६ मे २०१६ रोजी स्फोट झाला, १२ जण गेले. २३ मे २०२४ रोजी पुन्हा एका कंपनीत रिअ‍ॅक्टर फुटला. काही मृतदेहांची ओळख पटवायला डीएनए चाचणी करावी लागली. आपण एवढं वाचतो आणि पान उलटतो. घरच्यांचं तिथून सुरू होतं. ओळख पटेपर्यंत देह मिळत नाही, मृत्यूचा दाखला मिळत नाही, आणि दाखल्यावाचून बँक, विमा, भरपाई सगळंच अडून बसतं.

त्यात माणूस कंत्राटी असला, तर तो त्या दिवशी कामावर होता हेच आधी सिद्ध करा. नवी मुंबईच्या रबाळे-महापे पट्ट्यातल्या एका कामगाराची बायको मला म्हणाली, "ताई, हजेरीचं बुक आतच जळालं. मी डबा भरून दिला होता, तो काय पुरावा धरतात?" तेव्हाच्या १९२३ च्या भरपाई कायद्यानुसार कंत्राटदाराच्या माणसासाठी मूळ मालकाकडेही दाद मागता येत होती. तिला हे कुणी सांगितलंच नव्हतं. कंत्राटदाराने थोडे रोख पैसे हातावर ठेवून सही मात्र घेतली होती.

आकड्यांचंही असंच. भोपाळ वायुदुर्घटनेच्या भरपाईसाठी १९८९ मध्ये झालेल्या तडजोडीत सुमारे ३,००० मृत्यू धरले होते. दावे तपासल्यावर ५,२९५ मान्य झाले. वाढीव भरपाई मागणारी केंद्र सरकारची याचिका सर्वोच्च न्यायालयाने मार्च २०२३ मध्ये फेटाळली. घाईत धरलेला आकडा असा मानगुटीवर बसतो. म्हणून मी उशिराच जाते. पहिल्या आठवड्यात कॅमेरे भरपूर असतात, मंत्रीही.

नको म्हणणारे असतात, त्यांच्या दारात मी परत जात नाही. रबाळ्याची ती बाई बोलायला तयार झाली. अट एकच घातली: दिराचा चेहरा दिसता कामा नये. तो अजून त्याच कंत्राटदाराकडे कामाला आहे.