तुम्ही विचारलेत म्हणून: तिकीट कोणत्या पक्षाचे?

कॅनडातील एका खेड्याच्या कौन्सिलवर मी निवडून आलो हे कळल्यापासून महाराष्ट्रातले आप्तेष्ट आणि परिचित एकच प्रश्न विचारतात: तिकीट कोणत्या पक्षाचे होते? कोणत्याच पक्षाचे नव्हते, असे सांगितले की समोरची व्यक्ती ओळखीचे हसते, कारण आपल्याकडे ग्रामपंचायतीची निवडणूकही पक्षचिन्हांवर होत नाही, तरी कोणते पॅनेल कोणाचे हे पारावर बसणाऱ्या प्रत्येकाला ठाऊक असते.

ब्रिटिश कोलंबिया प्रांतातल्या आमच्या खेड्यात खरोखरच पॅनेल नाही. एक मेयर आणि चार कौन्सिलर असे पाच जण दर चार वर्षांनी, ऑक्टोबरच्या तिसऱ्या शनिवारी निवडले जातात. २०२२ मध्ये तो दिवस १५ तारखेला आला. उमेदवारी अर्जावर दोन मतदारांच्या सह्या पुरतात. मेयरचे मतही एकच, आणि समसमान मते पडली तर ठराव फेटाळला जातो. निर्णायक मत हा प्रकार नाही. वरून कोणाचा आदेश येत नाही हे ऐकायला सुखद असले, तरी आपल्या मताचा दोष ढकलायला पक्षादेशही उरत नाही, हे मला पहिल्याच वर्षी उमगले.

प्रश्न पाणीपट्टीचा होता. गावातली जलवाहिनी जुनी, मीटर नाहीत, प्रत्येक घराला वर्षाची ठरावीक पट्टी. ती वाढवण्याचा बायलॉ, म्हणजे कौन्सिल करते तो स्थानिक नियम, सभेपुढे आला. जमेपेक्षा जास्त खर्च दाखवणारी आर्थिक योजना प्रांताचा कायदा मंजूर करू देत नाही, त्यामुळे तूट दाखवून वेळ मारून नेण्याची वाट बंद. आमच्याकडे टपाल घरपोच येत नाही. सगळे गाव आपापली पेटी उघडायला पोस्टात येते, आणि तिथे मी पट्टी वाढवा म्हणणाऱ्यांपुढेही मान डोलावली होती, नको म्हणणाऱ्यांपुढेही. तिसऱ्या वाचनाला, म्हणजे अंतिम मंजुरीआधीच्या टप्प्याला, दोन हात बाजूने आणि दोन विरोधात वर झाले. मी तटस्थ राहण्याच्या समजुतीने हात खालीच ठेवला. मात्र कम्युनिटी चार्टर या कायद्यानुसार, उपस्थित असून ज्याने मत दर्शवले नाही, त्याचे मत ठरावाच्या बाजूने धरले जाते. बायलॉ तीन विरुद्ध दोन असा पुढे सरकला, तो माझ्या गप्प बसण्याने.

दुसऱ्या दिवशी पोस्टात एका वृद्ध शेजाऱ्यांनी विचारले, “काल तुमचा हात दिसला नाही?” ते रागाने बोलले असते तर मला बरे वाटले असते. तिसरे वाचन आणि अंतिम मंजुरी यांच्यात किमान एक दिवस जावा लागतो. आमच्याकडे मंजुरी पुढच्या सभेत, म्हणजे दोन आठवड्यांनी होती. तेवढ्या अवधीत मी त्या शेजाऱ्यांसह बऱ्याच जणांच्या घरी जाऊन खर्चाचे आकडे दाखवले, आणि मंजुरीच्या वेळी, ते समोरच्या खुर्चीत बसलेले असताना, बाजूने हात वर केला. पुढे महिनाभर त्यांनी माझ्याशी हवामानापलीकडे संभाषण केले नाही.

हे सगळे मी साताऱ्याच्या मामांना सविस्तर सांगितले. शांतपणे ऐकून घेऊन ते म्हणाले, “ते सगळं ठीक आहे रे, पण तो म्हातारा कोणत्या गटाचा?”