सह्या झालेला अर्ज दाखल केला नाही

शंभराचा स्टॅम्प, २०११ सालचा. मागच्या बाजूला मुद्रांक विक्रेत्याचा शिक्का, अनुक्रमांक आणि घेणाऱ्याच्या जागी नवऱ्याच्या काकांचं नाव. पुढे टाईप केलेला मजकूर: ‘आमचे पटत नसल्याने आजपासून आम्ही एकमेकांचे पती-पत्नी राहिलो नाहीत. दोघांनाही दुसरा विवाह करण्यास मोकळीक आहे.’ खाली त्याची सही, तिचा अंगठा, दोन साक्षीदार, नोटरीचा गोल शिक्का. हा फारकतनामा. खान्देशात कितीतरी घरांत असा कागद घटस्फोट म्हणूनच जपून ठेवलेला असतो.

अमळनेर तालुक्यातल्या एका ताईंनी भावासोबत येऊन हा कागद माझ्या वकिलीच्या टेबलावर ठेवला. त्यांचं दुसरं लग्न २०१३ मध्ये झालं, दोन मुलं झाली. नवरा सरकारी कार्यालयात शिपाई, १ नोव्हेंबर २००५ पूर्वी लागलेला, म्हणजे जुनी पेन्शन. तो नोकरीत असतानाच वारला. कुटुंब निवृत्तिवेतनाचे कागद गेले आणि दिराने हरकत घेतली: हिचा पहिला नवरा हयात आहे, कोर्टाचा घटस्फोट झालेला नाही, म्हणून माझ्या भावाशी झालेलं लग्न बेकायदेशीर. कार्यालयाचं पत्र आलं, पहिल्या विवाहाच्या घटस्फोटाचा हुकूमनामा (कोर्टाचा निवाडा) सादर करा.

पहिला नवरा सुरतेला लूमवर कामाला, त्याचाही दुसरा संसार. भांडण काही उरलेलं नाही. कुणीतरी सल्ला दिला की आता संमतीने घटस्फोट घेऊन टाका, कार्यालयाला हुकूमनामा मिळेल. हिंदू विवाह कायद्याच्या कलम १३ब खालचा अर्ज टाईप झाला होता, फोटो चिकटवले होते, प्रतिज्ञापत्रंही जोडली होती. “तो तयार शे, साहेब. सह्या बी व्हई ग्यात,” भाऊ म्हणाला. त्यांना अर्ज त्याच दिवशी दाखल करून हवा होता.

अर्जातला तिसरा परिच्छेद वाचला आणि मी फाईल मिटून बाजूला ठेवली. त्यात लिहिलं होतं: ‘अर्जदारांचा विवाह आजही कायम असून तो विच्छेदित करण्यात यावा.’

त्या एका वाक्याने सगळा दावा बुडाला असता. संमतीचा हुकूमनामा ज्या दिवशी होतो त्या दिवसापासून लागू होतो, मागच्या तारखेपासून नाही. पहिलं लग्न आजवर कायम होतं असं ताईंनीच शपथेवर सांगितलं, तर २०१३ चं लग्न कलम ५(१) आणि ११ प्रमाणे मुळातच शून्य, म्हणजे झालंच नाही असं ठरतं. नवरा वारलेला, त्यामुळे घटस्फोटानंतर त्याच्याशी पुन्हा लग्न लावून चूक दुरुस्त करण्याची वाटही बंद. दिराला फक्त त्या अर्जाची नक्कल काढून पेन्शनच्या फाईलला लावावी लागली असती. शिवाय सुरतेच्या माणसाने आपण दुसरं लग्न केलं तेव्हा पहिलं कायम होतं अशी कबुली दिली असती, म्हणजे द्विविवाहाचा गुन्हा स्वतःच्या सहीने ओढवून घेतला असता.

मग वाट उरते ती कलम २९(२) ची. एखाद्या समाजात रूढीने काडीमोड होत असेल, तर हिंदू विवाह कायदा त्या हक्काला हात लावत नाही. म्हणजे नवा घटस्फोट मागायचा नाही. २०११ मध्ये रूढीप्रमाणे फारकत झालेलीच आहे, असं कोर्टाने जाहीर करावं, असा दावा टाकायचा. मुदत तीन वर्षं, आणि ती हरकत निघाल्यापासून धरली जाईल असं समजून तारीख आधी वहीत लिहायची. पहिला नवरा, दीर, सासू आणि कार्यालय हे प्रतिवादी. सरकारला प्रतिवादी करताना आधी दोन महिन्यांची नोटीस लागते.

खरी मेहनत पुराव्यात आहे. सर्वोच्च न्यायालयाने २००२ मध्ये यमनाजी जाधव यांच्या प्रकरणात स्पष्ट केलं की रूढीचा घटस्फोट हा अपवाद आहे, तो दाव्यात नेमका मांडावा लागतो आणि सिद्ध करावा लागतो. ‘समाजाच्या रूढीप्रमाणे’ एवढं लिहून भागत नाही. कोणती जात, कोणती पोटजात, कोणता भाग, पंच कोण बसतात, दागिने आणि भांडी कशी परत होतात, मोकळीक कशी जाहीर करतात, हे सगळं लिहायचं. त्याच समाजात अशी फारकत घेऊन पुढे लग्न केलेल्यांची उदाहरणं नावानिशी हवीत. ताईंच्या कागदावर जातीचा किंवा पंचांचा उल्लेखच नव्हता. दोघांपैकी एक साक्षीदार वारलेला, दुसरा माजी सरपंच, तो मात्र बैठकीला हजर होता. पंचांची वही असेल तर ती शोधायला भावाला सांगितलं. सर्वांत मोठा साक्षीदार सुरतेचा माणूसच, कारण हाच कागद टिकला तर त्याचंही दुसरं लग्न टिकतं.

नोटरीचा शिक्का रूढी सिद्ध करायला मदतीला येत नाही. सही समोर झाली, एवढंच त्याने शाबीत होतं. नोटरींनी विवाहाचे किंवा घटस्फोटाचे दस्त करू नयेत, असं केंद्रीय विधी मंत्रालयाने २०२४ मध्ये कळवलेलंही आहे. (धडगाव, अक्कलकुव्याकडच्या भिल्ल-पावरा कुटुंबांची गोष्ट वेगळी. कलम २(२) मुळे अनुसूचित जमातींना हा कायदाच लागू होत नाही, त्यांची रूढी हाच त्यांचा कायदा.)

हातात फारकतनामा आहे पण दुसरं लग्न अजून झालेलं नाही, त्यांनी थांबावं आणि १३ब चा हुकूमनामा घ्यावा. आधी किमान एक वर्ष वेगळं राहिलेलं असावं लागतं. पहिल्या अर्जानंतर सहा महिने थांबायचं आणि अठरा महिन्यांच्या आत दोघांनी पुन्हा हजर व्हायचं. वेगळं राहून दीड वर्ष उलटलं असेल आणि पोटगी, मुलांचा ताबा ठरलेला असेल, तर सर्वोच्च न्यायालयाच्या २०१७ च्या अमरदीप सिंग निकालाच्या आधारे सहा महिन्यांची माफी मागता येते. पोटगीची सगळी रक्कम पहिल्याच तारखेला देऊन टाकू नका. हुकूमनामा होईपर्यंत संमती मागे घेता येते, म्हणून मोठा हप्ता डीडीने दुसऱ्या वेळी, कोर्टासमोर द्यावा. निकालाच्या दिवशीच नक्कल विभागात अर्ज टाकून दोन-तीन प्रती काढाव्यात. पुढच्या लग्नाच्या नोंदणीत नमुना ड भरताना ‘घटस्फोटित’ लिहिलं की ग्रामपंचायत अधिकारी (पूर्वीचा ग्रामसेवक) हीच प्रत मागतो.

ताईंच्या दाव्याला वेळ लागणार, आणि मुलांच्या शाळेची फी तोवर थांबत नाही. लग्न शून्य ठरलं तरी कलम १६ प्रमाणे मुलं औरसच राहतात. म्हणून त्याच दुपारी कार्यालयाच्या नावे मुलांचा वेगळा अर्ज तयार केला: त्यांचा हक्क आईच्या दाव्यावर अडकवून ठेवू नये. सोबत वडिलांचं नाव असलेले जन्मदाखले, शाळेचे बोनाफाईड, रेशनकार्ड आणि सेवापुस्तकातल्या कुटुंबाच्या नोंदीची प्रत मिळावी अशी मागणी. दोन प्रती काढल्या आणि भावाला बजावलं, एक आवकमध्ये द्या, दुसरीवर तारखेसह पोहोच घेतल्याशिवाय तिथून हलू नका.