कालज्ञाच्या हातात घटिकापात्र द्या

आजचा अख्खा दिवस माझ्या कादंबरीतल्या कालज्ञाच्या, म्हणजे वेळ मोजणाऱ्याच्या, घड्याळात गेला. जग काल्पनिक असलं, तरी त्याचा दिवस मोजता यायला हवा, आणि त्याला घटिकापात्रासारखं साधन नाही. तांब्याची पातळ वाटी, तळाला बारीक भोक. पाण्यावर ठेवायची, भरून बुडाली की एक घटिका, म्हणजे २४ मिनिटं. अहोरात्रात अशा ६०.

बिघडतं ते भोकापाशी. पाणी गाळलेलं नसेल तर कण अडकतो, वाटी उशिरा बुडते, घटिका लांबते. थंड पाणी संथ शिरतं, म्हणून हिवाळ्यातही तेच. वाटी उपसून पुन्हा ठेवेपर्यंतचे क्षण गळतात ते वेगळेच. दुसरी वाटी तयार हवी. आणि रात्रभर कुणीतरी जागं, म्हणजे कालज्ञाचा शिष्य. कालज्ञापेक्षा मला तो ओल्या बोटांचा शिष्यच जास्त जवळचा वाटतो.