पिशवीवर नुसतंच 'क्लाऊन' लिहिलं होतं

मे महिन्यातली गोष्ट. चेन्नईहून रात्रीच्या गाडीने निघालेलं माशांचं पार्सल दुपारी नागपूर स्टेशनला उतरलं. त्यातल्या दोन पिशव्या दोन वेगळ्या टाक्यांसाठी होत्या. पहिली टाकी धरमपेठेतल्या लहान मुलांच्या दातांच्या दवाखान्यात: तीन फूट लांब, दीड फूट रुंद, दीड फूट उंच, दगड-वाळू धरून साधारण १६० लिटर खारं पाणी. दुसरी मनीषनगरमधल्या एका घरी, चार फुटी, गोड्या पाण्याची, झाडं लावलेली. दवाखान्याने दोन क्लाऊनफिश मागवले होते, घरच्यांनी सहा क्लाऊन लोच. दोन्ही पिशव्यांवर मार्करने एकच शब्द होता, 'क्लाऊन'. दुकानातल्या मुलाने त्या वाटल्या, त्या उलट्या गेल्या.

मनीषनगरच्या टाकीत मी फिल्टरचा स्पंज पिळत होतो. पिशवी बांधलेलीच पाण्यावर तरंगत ठेवली होती, आतलं आणि बाहेरचं तापमान सारखं व्हायला. पंधरा-वीस मिनिटं तेवढ्यासाठीच द्यायची. उन्हाळ्यात पिशवी वर्तमानपत्रात गुंडाळून येते, म्हणून आत काय आहे ते बाहेरून दिसत नव्हतं. सव्वाचारला दवाखान्यातल्या ताईंचा फोन आला.

"दादा, सहाच्या सहा आडवे पडून राह्यले ना जी. मी मोबाइलवर पाह्यलं, त्यात लिहिलं आहे का क्लाऊन आडवाच झोपते म्हणून. म्हणून दहा मिनिटं थांबली मी."

त्यांनी वाचलं ते खरंच होतं, पण दुसऱ्या माशाबद्दल. क्लाऊन लोच विश्रांती घेताना कुशीवर पडतो, कधी दगडाच्या फटीत उलटाही अडकून बसतो. पाहणाऱ्याला मेलाच वाटतो. नावाने पिशव्या चुकवल्या, आणि त्याच नावाने ही दहा मिनिटंही खाल्ली. मला मात्र 'सहा' हा आकडा खटकला. दवाखान्याचे दोनच होते. वर्तमानपत्र फाडलं तर आत केशरी अंगावर पांढरे तीन पट्टे, दोन नग.

झोपलेला लोच आणि मरणारा लोच ओळखायची खूण साधी आहे. झोपलेल्याचे कल्ले संथ, एका लयीत हलतात, अंगाचा रंग टिकून असतो, बोट जवळ नेलं की तो सटकतो. ताईंना विचारलं. कल्ले फडफडत होते, काळे पट्टे राखाडी झाले होते, आणि एकाला डब्याने ढोसलं तरी तो हलला नाही. मासे टाकीत सोडून वीस मिनिटं झाली होती.

आत काय घडत होतं ते घराघरात माहीत आहे, कारण मे म्हणजे लोणच्याचे दिवस. चिरलेल्या कैरीला मीठ लावलं की तिला पाणी सुटतं. समुद्राच्या पाण्यात लिटरला ३५ ग्रॅमच्या आसपास क्षार असतात, माशाच्या रक्तातले त्याच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी. गोड्या पाण्यातल्या माशाचं शरीर उलट्या कामासाठी घडलेलं आहे. बाहेरचं पाणी कल्ल्यांतून सतत आत शिरतं, आणि तो ते भरपूर पातळ लघवीवाटे बाहेर टाकतो. तो पाणी पीत नाही म्हटलं तरी चालेल. समुद्रातला मासा पाणी पितो, जादा मीठ कल्ल्यांतल्या खास पेशींमधून बाहेर फेकतो आणि लघवी अगदी थोडी करतो. लोचला खाऱ्या पाण्यात टाकलं की कल्ल्यांतून पाणी भराभरा बाहेर जातं, आणि ते भरून काढायची यंत्रणा त्याच्याकडे नाही. लोचचे खवले बारीक आणि कातडीत रुतलेले, त्यामुळे तो बाकीच्यांपेक्षा लवकर ढासळतो.

मनीषनगरहून धरमपेठ म्हणजे त्या वेळच्या गर्दीत अर्धा तास. माझ्या पोहोचण्याची वाट पाहता येणार नव्हती, म्हणून सगळं फोनवर करवलं.

दवाखान्यात पिण्याच्या पाण्याचा वीस लिटरचा जार असतो. उन्हाळ्यात बहुतेक ठिकाणी थंड कॅन येतो, तो चालणार नव्हता. सुदैवाने एक साधा जारही भरलेला होता, एसीच्या खोलीतला, २६ अंशांच्या जवळपास. रंगाच्या डब्याची नव्हे तर स्वच्छ बादली घ्यायला सांगितली. तिच्यात जारचं सतरा लिटर पाणी आणि टाकीतलंच तीन लिटर खारं पाणी. टाकीत लिटरला ३५ ग्रॅम, म्हणजे वीस लिटरमध्ये ते लिटरला सव्वापाच ग्रॅमच्या आसपास येतं. वजनकाटा नको, मिठाची पुडी नको. पाणी सुटलेल्या माशाला एकदम निखळ गोड्या पाण्यात परत टाकणं म्हणजे दुसरा धक्का, त्यात आधीच दमलेल्या शरीरात पाणी वेगाने घुसतं. लिटरला पाच ग्रॅमला दोन्ही बाजूंचा ताण कमी राहतो. टाकीचा हवेचा पंप काढून एअरस्टोनसकट (बुडबुडे सोडणाऱ्या दगडासकट) बादलीत सोडला.

मासे काढताना जाळी वापरायची नाही, हे ताईंना तीनदा बजावलं. क्लाऊन लोचच्या प्रत्येक डोळ्याखाली दोन टोकांचा काटा असतो. घाबरला की तो उघडून जागेवर कुलूप लागल्यासारखा घट्ट बसतो आणि जाळीत असा गुंततो की सोडवताना गाल फाटतो. हाच काटा प्रवासात पिशवीही फोडतो, म्हणून लोच कायम दुहेरी पिशवीत पाठवतात. प्लास्टिकच्या मगाने काढले. साडेचार वाजता सहाही बादलीत होते. एक तोवर गेलेला होता.

क्लाऊनफिशची पिशवी मी उघडली नाही. ही गोष्ट बऱ्याच जणांकडून चुकते. चौदा-सोळा तासांच्या प्रवासात बंद पिशवीत माशाची घाण साठते, पण श्वासातला कार्बन डायऑक्साइडही तिथेच साठतो आणि पाण्याचा पीएच खाली नेतो. कमी पीएचला अमोनियाचा बराचसा भाग निरुपद्रवी रूपात असतो. पिशवी उघडली की वायू उडून जातो, पीएच चढतो आणि तोच अमोनिया विषारी होतो. म्हणून पिशवी एकदा उघडली की रेंगाळायचं नाही. मासा काढून घ्यायचा आणि पिशवीतलं पाणी फेकायचं, टाकीत ओतायचं नाही. पिशवी तशीच थर्माकोलच्या डब्यात ठेवून मी गाडी काढली. बाहेर पारा ४४च्या वर असेल.

दवाखान्यात पोहोचल्यावर आधी क्लाऊनफिशचं पाहिलं. पिशवीतल्या पाण्याचा एक थेंब रिफ्रॅक्टोमीटरच्या, म्हणजे खारेपणा मोजायच्या उपकरणाच्या, काचेवर: १.०२०. हा आकडा जितका जास्त तितकं पाणी खारं. व्यापारी मुद्दाम थोडं सौम्य पाणी भरतात, मिठाचा खर्च वाचतो आणि परजीवींनाही ते मानवत नाही. टाकीत १.०२५ होतं. टाकीचं सोळा लिटर आणि आरओचं चार लिटर मिसळून १.०२० ची एक बादली केली, आणि मासे तिच्यात. पुढचे तीन दिवस रोज थोडं पाणी काढून तेवढंच टाकीचं पाणी घालत १.०२५ वर आणलं. गोड्याकडे जाताना मासा बराच उतार सहन करतो, खाऱ्याकडे चढताना नाही. चढण सावकाशच घ्यावी.

हे दोन मासे शेजारी ठेवले तर कोणीही ओळखेल. क्लाऊनफिश, म्हणजे ॲम्फिप्रिऑन ओसेलारिस: केशरी अंग, काळ्या रेघेने कोरलेले पांढरे पट्टे, गोल शेपटी, डुलत डुलत पोहणं. तोंड समोर, मिशा नाहीत. बाजारात त्याला सगळे निमो म्हणतात. क्लाऊन लोच, म्हणजे क्रोमोबोटिया मॅक्राकॅन्थस: पिवळट केशरी अंगावर काळे तीन पट्टे, लालसर पर, सपाट पोट, खाली वळलेलं तोंड आणि त्याभोवती मिशा. एकाचे पट्टे पांढरे, दुसऱ्याचे काळे. पण बॉक्समध्ये ते वर्तमानपत्राच्या आत असतात आणि बिलावर फक्त शब्द असतो.

तो शब्दही दोघांपुरता नाही. क्लाऊन ट्रिगर खाऱ्या पाण्यातला, अर्ध्या मीटरपर्यंत वाढतो आणि दातांनी खेकडे-शंख फोडतो. क्लाऊनफिशच्या टाकीत तो गेला तर क्लाऊनफिश उरत नाहीत. क्लाऊन नाइफ गोड्या पाण्यातला, आपल्या नद्यांतल्या चितळ माशाचा भाऊबंद. दुकानात वीतभर दिसतो, पुढे मीटरभर होतो आणि तोंडात मावेल तो मासा रात्री गिळतो. क्लाऊन प्लेको बोटाएवढा, लाकूड खरवडणारा, त्याच्या टाकीत लाकडाचा ओंडका हवाच. क्लाऊन किलीफिश पश्चिम आफ्रिकेतला, जेमतेम दीड इंचाचा, उडी मारून टाकीबाहेर पडणारा, त्याला झाकण लागतं. क्लाऊन बार्ब बोर्निओचा. पाणी, टाकी, खाणं, सगळ्यांचं वेगळं.

म्हणून ऑर्डर देताना शास्त्रीय नाव लिहा, नग लिहा, आणि 'खारं' की 'गोडं' ते ठळक लिहा. हे मी पोटतिडकीने सांगतो आहे. त्या दुपारी पिशवीवर 'खारं' एवढी दोन अक्षरं असती तर ती लोचच्या घरी गेलीच नसती.

पाच लोच बादलीत तग धरून होते. त्यातला एक रात्री अकराच्या सुमाराला गेला. उरलेल्या चौघांचे पट्टे सकाळी परत काळे दिसू लागले. चोवीस तासांनी बादलीतलं अर्धं पाणी काढून क्लोरीन घालवलेलं नळाचं पाणी घातलं, म्हणजे मीठ अर्ध्यावर आलं. तिसऱ्या दिवशी ते मनीषनगरच्या एका वेगळ्या साध्या टाकीत गेले, मोठ्या टाकीत नाही. ही काळजी कामाला आली, कारण पाचव्या दिवशी अंगावर रव्यासारखे पांढरे ठिपके दिसले. ताण आलेल्या लोचला हा रोग हमखास गाठतो. ठिपक्यातला परजीवी कातडीच्या आत असेपर्यंत औषध त्याला लागत नाही. तो गळून पडून पिल्लं पाण्यात सुटतात तेव्हाच ती मरतात. तापमान ३० अंशांवर ठेवलं की हे चक्र तीन-चार दिवसांत फिरतं. नागपूरच्या मेमध्ये त्यासाठी हीटर लागत नाही. औषधाचा डोस अर्धा, कारण बारीक खवल्यांच्या माशाला पूर्ण डोस चढतो. शेवटचा ठिपका गेल्यावरही औषध आठवडाभर चालू ठेवलं.

दवाखान्याच्या टाकीत मेलेल्या लोचच्या आणि बाकीच्यांच्या अंगाचा चिकट स्राव राहिला होता. अमोनिया तपासला, तो किंचित चढलेला होता. बत्तीस लिटर पाणी बदललं, त्यासाठी लिटरला ३६ ग्रॅमप्रमाणे सव्वा किलोहून कमीच मीठ लागलं. कोळशाची पिशवी फिल्टरमध्ये दोन दिवस ठेवली. या टाकीत औषध मुळीच घातलं नाही. दगडांत मुरलेलं औषधातलं तांबं पुढे खेकडे-शंख कधीच जगू देत नाही. दगड साधे, कृत्रिम आहेत. भारतात प्रवाळ वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ खाली संरक्षित आहेत, आणि क्लाऊनफिशला समुद्रफूल (समुद्रात तो ज्याच्यात राहतो तो ॲनिमोन) लागतंच असंही नाही. मत्स्यबीज केंद्रात जन्मलेला क्लाऊनफिश मातीच्या कुंडीतही घर करतो. खाऱ्या पाण्यातल्या अशा माशांचं बीज आपल्याकडे तयार होतं. केंद्रीय सागरी मत्स्य संशोधन संस्थेने त्याची पद्धत बसवलेली आहे, तेव्हा समुद्रातून पकडलेला मागायची गरज नाही.

नागपूरच्या उन्हाळ्यात खाऱ्या टाकीचा खरा शत्रू म्हणजे बाष्पीभवन. या टाकीतून मेमध्ये रोज दोन-अडीच लिटर पाणी उडतं. पाणी उडतं, मीठ उडत नाही. आठवडाभर कोणी पाणी भरलं नाही तर १६ लिटर कमी होऊन खारेपणा ३५ वरून ३९ च्या जवळ जातो. म्हणून भरताना आरओचंच पाणी, खारं नाही. बाजूला काचेवर मार्करची रेघ मारलेली आहे, ताई रोज सकाळी त्या रेघेपर्यंत भरतात. हाच कोरडेपणा एका बाबतीत उपयोगी पडतो. पाण्यावर वारा सोडणारा कॉम्प्युटरचा छोटा पंखा लावला की तापमान तीन-चार अंशांनी उतरतं. मुंबईच्या दमट हवेत तेवढा फरक पडत नाही.

क्लाऊनफिश चौथ्या दिवशी टाकीत गेले. दोघं सुरुवातीला एकाच आकाराचे होते. या जातीत सगळे आधी नर असतात, जोडीतला मोठा पुढे मादी होतो, आणि मादी गेली तर उरलेला नर तिची जागा घेतो. वर्षभरात एक स्पष्ट मोठी झाली आहे. दुसरा तिच्यासमोर अंग थरथरवतो, त्यावर बघायला आलेली मुलं विचारतात की याला थंडी वाजते का. ताई त्यांना समजावून सांगतात. मनीषनगरचे चार लोच आता बोटाहून लांब झाले आहेत आणि एकाच पाइपात चौघं कोंबून, आडवे, झोपतात. चार फुटी टाकी त्यांना किती वर्षं पुरेल याचं गणित घरच्यांना आत्ताच करून दिलं आहे, कारण हा मासा फूटभर होतो आणि वीस वर्षं जगतो.