धुंधुरमासातला लायटर

ग्वाल्हेरची थंडी ज्यांनी अंगावर काढली आहे त्यांना वेगळं सांगायला नको. जानेवारीत पारा चार-पाच अंशांवर उतरतो, कधी त्याच्याही खाली. त्या दिवसांत आमच्याकडे बाजार अकराच्या आत हलत नाही. महाराज बाड्याजवळच्या एका गल्लीत माझं घड्याळदुरुस्तीचं दुकान आहे. घड्याळांच्या जोडीला चष्म्याच्या काड्या, शाईची पेनं आणि लायटर. लायटर आता क्वचितच येतात. २०२३ च्या जूनमध्ये केंद्र सरकारने २० रुपयांपेक्षा कमी किमतीच्या लायटरच्या आयातीवर बंदी घातली, तेव्हा मला वाटलं होतं की लोक आता जुने लायटर काढून आणतील. कशाचं काय! प्लॅस्टिकचा लायटर संपला की आजही नालीतच जातो. माझ्याकडे येतात ते धातूचे, गॅस भरता येणारे, कोणीतरी कधीतरी हौसेने घेतलेले.

असाच एक लायटर घेऊन जनकगंजातल्या एक काकू आल्या. चापट, पितळी, बाजूला आडवा रोलर. अंगठा फिरवला की ठिणगी पडते आणि त्याच झटक्यात व्हॉल्व्ह उघडतो. डनहिलने १९५६ साली रोलागॅस काढला, त्या धर्तीचा. होता मात्र जपानी. काकांनी सिगारेट सोडली, लायटर घरात राहिला आणि हळूहळू देवघरात गेला. काकूंच्या हाताला कंप आहे, त्यामुळे काडी ओढणं जमत नाही. रोलर मात्र अंगठ्याने बरोबर फिरतो.

"हा महिनाभर पेटत नाहीये," त्या म्हणाल्या. "एकाने पत्थर बदलला. दुसऱ्याने गॅस भरला. दोघांनी पैसे घेतले."

मी रोलर फिरवला. भक्कन पेटला. दोन बोटं उंच, पिवळी, ठाम ज्योत. पुन्हा फिरवला, पुन्हा पेटला. काकूंनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू मीच त्याला फितवलं होतं.

न पेटणाऱ्या लायटरचे मी आधी दोन भाग पाडतो: ठिणगी आणि गॅस. यातलं काय गैरहजर आहे ते कळल्याशिवाय स्क्रूड्रायव्हर हातात घ्यायचा नाही. ठिणगी बघायची असेल तर काउंटरखाली काळं फडकं धरून अंधारात रोलर फिरवायचा. ठिणगी नारिंगी, दाट आणि दर वेळी तेवढीच आली तर खडा (काकूंचा 'पत्थर'), स्प्रिंग आणि रोलरचे दाते ठीक. हा खडा म्हणजे सिरियमसारख्या धातूंचं लोखंडाशी केलेलं मिश्रण. ऑस्ट्रियाच्या कार्ल आउअर फॉन वेल्सबाखने १९०३ साली त्याचं पेटंट घेतलं, आणि आजही खडा तोच. लायटर वर्षानुवर्षं पडून राहिला तर खडा दमट हवेने फुगतो, त्याचा भुगा होतो आणि तो नळीत असा बसतो की हाताने बारीक ड्रिल फिरवत काढावा लागतो. काकूंच्या लायटरमध्ये तसलं काही नव्हतं. पत्थर नवा, ठिणगी झकास. गॅससाठी कानाशी धरून व्हॉल्व्ह उघडला तर सुरेख फुसफुस.

काय दुरुस्त करायचं? लायटर परत दिला, पैसे घेतले नाहीत. दुसऱ्या दिवशी काकू पुन्हा हजर.

"तुझ्याकडे पेटतो, माझ्याकडे पेटत नाही. मी काय त्याची सवत आहे?"

मग मी तो प्रश्न विचारला जो घड्याळवाल्याला सवयीने सुचतो: बंद कधी पडतं? भिंतीवर चालणारं घड्याळ टेबलावर बंद पडतं, मनगटावरचं रात्री मागे पडतं. जागा आणि वेळ कळली की निम्मा रोग कळतो. काकू म्हणाल्या, "पहाटे." आणि मग, अगदी सहज, "एरवी मी पूजा आठला करते, पण सध्या धुंधुरमास आहे ना. उजाडायच्या आत नैवेद्य दाखवायचा असतो."

मी तिथेच हसलो. पण खात्री करून घ्यायची होती. मी राहतो दानाओलीत. जनकगंज तिथून काही लांब नाही. म्हटलं, उद्या पहाटे मीच येतो.

धुकं असं की पुढची सायकल घंटी वाजेपर्यंत दिसत नव्हती. काकूंचं घर जुनं, दगडी. देवघराची खिडकी उत्तरेची, आणि लायटर ठेवायची जागा भिंतीतला दगडी कोनाडा. मी कोनाड्यात हात घातला आणि लगेच काढून घेतला, इतका दगड गार. लायटर रात्रभर त्याला टेकून होता.

रोलर फिरवला. ठिणगी पडली, ज्योत नाही. कानाशी धरला, आवाजही नाही. तो मुठीत घट्ट धरला, मग स्वेटरच्या आत काखेत घातला आणि काकांशी ग्वाल्हेरच्या व्यापार मेळ्याच्या गप्पा मारत बसलो. आमच्याकडे हिवाळा आणि मेळा एकत्रच येतात. थोड्या वेळाने बाहेर काढून फिरवला, तर निळी, लहानशी, पण ज्योत! काकू म्हणाल्या, "बघ, पुन्हा तुझ्याच हातात."

लायटरमध्ये असतो ब्यूटेन. तो टाकीत द्रव असतो आणि स्वतःच्या वाफेच्या दाबाने बाहेर येतो. त्याला ढकलणारं दुसरं काही नसतं. निव्वळ ब्यूटेन उणे अर्ध्या अंशाला उकळतो. वीस अंशांना टाकीतला दाब बाहेरच्या हवेच्या साधारण दुप्पट असतो. चार अंशांना तो सव्वापटीच्याही आत येतो, म्हणजे बाहेर ढकलणारा जोर, आतल्या-बाहेरच्या दाबातला फरक, जवळजवळ एक पंचमांशच राहतो. पानटपरीवरचा लायटर त्याच थंडीत पेटतो, कारण तो कोणाच्या तरी खिशात ऊब घेत असतो.

तरी एक गोष्ट बसत नव्हती. जोर कमी झाला म्हणजे ज्योत लहान व्हावी, गॅस साफ बंद का व्हावा? मी दुकानातला माझा एक लायटर सोबत नेला होता. तो त्याच कोनाड्यात ठेवला, काकूंची खिचडी शिजेपर्यंत तिथेच राहू दिला आणि फिरवला. पेटला. ज्योत हरभऱ्याच्या दाण्याएवढी, पण पेटला. तेव्हा थंडी एकटी गुन्हेगार नव्हती. काकूंच्या लायटरमध्ये वाटेवर काहीतरी बसलं होतं; दुपारचा दाब त्याला रेटून जात होता, पहाटेच्या दाबात तेवढा दम नव्हता.

दुकानात आणून आधी टाकी रिकामी केली. हे काम उघड्यावर करायचं. आमच्या गल्लीत चहावाल्याची भट्टी आहे, म्हणून मी मागच्या अंगणात गेलो. भरायचा व्हॉल्व्ह बारीक पेचकसाने दाबून धरला, आणि त्या टोकाभोवती पांढरा दव गोठताना दिसला. द्रवाची वाफ होताना ती भोवतालची उष्णता ओढून घेते. आवाज थांबल्यावरही काही वेळ तसाच ठेवला. मग वरचा व्हॉल्व्ह उघडला, नॉझल काढलं आणि डोळ्याला भिंग लावलं. नॉझलच्या तोंडाशी आणि आतल्या गाळणीवर मधासारखा पिवळसर, चिकट थर.

हा थर स्वस्त गॅसचा. काकूंना म्हटलं, एरवी घरी भरायला जो डबा वापरता तो घेऊन या. आला. बिननावाचा, फुटपाथवरचा. एका कोऱ्या कागदावर त्याची फवारणी केली, बाजूला माझ्या डब्यातल्या गॅसची. गॅस उडून गेल्यावर माझ्या बाजूचा कागद जसाच्या तसा आणि त्यांच्या बाजूला भज्याच्या कागदावर पडतो तसा तेलकट डाग. गॅस घेताना दुकानदारासमोर एवढं करून बघावं. दुकानदाराचा चेहराच पुष्कळ सांगतो.

नॉझल आणि गाळणी आयसोप्रोपिल अल्कोहोलने धुतली, घड्याळाच्या रबरी फुंकणीने वाळवली. पेट्रोल वापरायचं नाही; रबराला ते सोसत नाही. व्हॉल्व्हची ओ-रिंग, म्हणजे रबरी कडी, कडक झाली होती. लायटरच्या सुट्या भागांच्या आयातीवरही २०२४ मध्ये बंदी आली, म्हणून मी मनगटी घड्याळांच्या गॅस्केटमधून मापाची रिंग शोधतो. अर्धा दिवस त्यात गेला. मिळाली, थोडं सिलिकॉन ग्रीस लावून बसवली.

भरण्यात मात्र थंडीच कामाला आली. लायटर गार आणि डबा खोलीच्या तापमानाचा असला की दाबातल्या फरकाने द्रव आपोआप खाली उतरतो. उन्हाळ्यात त्यासाठी लायटर फ्रिजमध्ये ठेवावा लागतो; यावेळी खिडकीत ठेवला तरी भागलं. ज्योत लहान-मोठी करणारा स्क्रू सर्वांत कमीवर, लायटर उलटा, डबाही उलटा, तोंड खाली करून त्याच्यावर सरळ रेषेत धरून दाबायचा. नंतर लगेच पेटवायचा नाही. बाहेर सांडलेला गॅस उडू द्यायचा आणि टाकीला खोलीच्या तापमानावर येऊ द्यायचं. गॅस मी आयसोब्यूटेन मिसळलेला वापरला. तो उणे बारा अंशांच्या आसपास उकळतो, त्यामुळे पहाटे थोडा अधिक जोर राहतो. डब्यावर काय लिहिलंय ते वाचणारं गिऱ्हाईक मला अजून भेटायचं आहे.

रात्री लायटर दुकानाच्या बाहेरच्या पत्र्यावर ठेवला आणि सकाळी उजाडायच्या आत जाऊन फिरवला. पेटला. ज्योत ठेंगणी, पण निरांजनाला पुरेशी.

देताना काकूंना म्हटलं, कोनाड्यात नका ठेवू. त्यांनी विचारलं, बंबाजवळ ठेवू? "मुळीच नाही!" शेवटी कपाटातल्या गोधड्यांमध्ये ठेवायचं ठरलं. काका म्हणाले, म्हणजे आता पहाटे आधी गोधड्या उपसायच्या. काकूंनी त्यांच्याकडे दुर्लक्ष केलं, पैसे मोजले आणि डब्यातून मुगाची खिचडी काढून माझ्यासमोर ठेवली, वर लोण्याचा गोळा.

"चैत्रात एकदा परत आणा," मी म्हटलं. "आमच्याकडे पंचेचाळीस अंश झाले की आतला दाब चौपटीच्या वर जातो. आज लावून दिलेली ज्योत तेव्हा भुवया जाळेल. स्क्रू उतरवून देतो."

"त्याचे वेगळे पैसे?"

"नाही हो."

"मग आणते."